सज्जनाचे सोंग

सगळी सोंगे आणता येतात, पैशाचे सोंग आणता येत नाही, अशी म्हण आपल्या बोलण्यात आहे. ही म्हण प्रथम उच्चारणारा मनुष्य संसाराच्या ओढाताणीत पोळलेला असावा, यात शंका नाही. परंतु सज्जनपणाचे सोंग आणता येते की नाही, याविषयी त्याने काही सांगून ठेवलेले नाही. दांभिकाचे सोंग आपल्या परिचयाचे आहे. शुभवर्तमानातील परूशी ते आणत असत आणि चर्चच्या पहिल्या बाकापासून वेदीपर्यंत ते कमीअधिक प्रमाणात आणणारे आपण सारे आहोतच. मी म्हणतो ते सोंग निराळे. एखाद्या तरुणाने स्वखुशीने, चार मित्रांच्या देखत, खेळ म्हणून ठरवले की, 'पुढचे तीन तास मी सज्जन आहे', तर काय घडते?

हा प्रश्न मला सुचला नसता. दोन वर्षांपूर्वी आमच्या धर्मग्रामातील एक माता वर्तमानपत्रात गुंडाळलेले जाडजूड इंग्रजी पुस्तक घेऊन माझ्याकडे आली. ''फादर, हे जाळू की काय करू, तुम्हीच सांगा. पोरगा शनिवारची अख्खी रात्र याच्यावर घालवतो.'' मुखपृष्ठावर एक महाकाय राक्षस होता, हे खरे. मी पुस्तक ठेवून घेतले. जाळण्यापूर्वी वाचावे, एवढी शिस्त सेमिनरीने लावलेली आहे. पुढे तिच्या मुलाने व त्याच्या मित्रांनी जुन्या आवृत्त्याही मला आणून दिल्या आणि वाचता वाचता माझे कुतूहल टीकाकाराचे झाले. या लेखात त्या नियमग्रंथांचे परीक्षण करावयाचे आहे. मात्र परीक्षणाचा विषय त्यातील राक्षस नव्हेत, त्यातील सज्जन होत.

प्रथम खेळाविषयी थोडेसे. 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' हा खेळ गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन या दोन अमेरिकनांनी १९७४ साली प्रसिद्ध केला. चारपाच जण टेबलाभोवती बसतात. त्यांपैकी एक सूत्रधार होतो. तो अरण्य, गढी, भुयार, त्यातील माणसे व श्वापदे यांचे वर्णन करतो. बाकीचे प्रत्येकी एकेक पात्र घेतात आणि त्या प्रसंगी ते पात्र काय करील, हे सांगतात. तलवारीचा घाव बसला की नाही, हे फाशांवर ठरते. त्यात वीस पृष्ठांचाही एक फासा असतो. पट नसला तरी चालते, जिंकणे-हरणे जवळजवळ नाही आणि एकच कथा वर्षानुवर्षे चालू राहू शकते. एका अर्थी हे प्रेक्षकांवाचून केलेले, संहिता नसलेले नाटक होय.

१९८०च्या दशकात अमेरिकेतील अनेक ख्रिस्ती मंडळींनी या खेळाविरुद्ध मोठे रण माजविले. हा खेळ मुलांना सैतानपूजेकडे नेतो, असा त्यांचा दावा होता. १९८४ साली जॅक चिक या प्रकाशकाने या मजकुराची एक चित्रपुस्तिकाच काढली. याच गृहस्थाने कॅथोलिक हे ख्रिस्ती नव्हेतच, असे सांगणाऱ्या पुस्तिकाही छापल्या होत्या. तेव्हा सैतान ओळखण्याच्या त्याच्या कौशल्यावर आपण कितपत विसंबावे, हे वाचकांनीच ठरवावे. माझी तक्रार वेगळी आहे. या साऱ्या गदारोळात ग्रंथातील दुष्टांची मोजदाद झाली. ग्रंथातील सुष्ट कसा आहे, त्याला सुष्ट कशामुळे म्हटले आहे, हे कोणी फारसे विचारले नाही. धर्मशिक्षणाच्या दृष्टीने खरा प्रश्न तोच होता.

खेळातील प्रत्येक पात्राच्या नावापुढे त्याचा नैतिक कल लिहावा लागतो. १९७४ साली सुव्यवस्था, तटस्थता आणि अनागोंदी असे तीनच पर्याय होते. ती कल्पना पोल अँडरसन व मायकेल मूरकॉक या कादंबरीकारांकडून आलेली. १९७८च्या नियमग्रंथात सुष्ट-दुष्टाचा दुसरा अक्ष जोडून नऊ घरांचा तक्ता पूर्ण झाला. एका कोपऱ्यात 'नियमनिष्ठ सुष्ट', समोरच्या कोपऱ्यात 'स्वैर दुष्ट' आणि मध्ये इतर सात. तक्ता सुटसुटीत आहे, आणि सुव्यवस्था व चांगुलपणा या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे त्याने मुलांना शिकविले, याचे श्रेय त्याला दिलेच पाहिजे. नियम काटेकोर पाळणारा दुष्ट असू शकतो, हे विसाव्या शतकाच्या इतिहासानंतर कोणाला वेगळे सांगावयास नको. परंतु तक्त्याची एक खोड आहे: त्यात माणसाने काही करण्यापूर्वीच त्याचे घर ठरते. संत थॉमस अक्वायनस सद्गुणाला सवय म्हणतात. एकेका कृतीने मुरत जाणारी, कृपेने पोसली जाणारी प्रवृत्ती. १९९२च्या आपल्या धर्मशिक्षणग्रंथाचीही तीच भूमिका आहे. तक्ता म्हणतो, आधी पाटी, मग कृती.

या पाटीचा सर्वांत कडक मालक म्हणजे पॅलाडिन. शार्लमेन सम्राटाच्या बारा सरदारांना मध्ययुगीन काव्यांत हे नाव आहे. खेळात तो १९७५ साली आला आणि १९७८च्या ग्रंथात त्याचे पूर्ण रूप दिसले. तो नियमनिष्ठ सुष्टच असला पाहिजे. तो हात ठेवून जखमा बऱ्या करतो, त्याला रोग जडत नाही, दुष्टाची चाहूल त्याला लागते. मिळकतीचा दशांश तो दान करतो आणि गरजेपुरतेच जवळ ठेवतो. हे सारे वाचताना मला आनंदच झाला. मग अटी वाचू लागलो.

पहिली अट अशी की, त्याच्या अंगी 'कॅरिस्मा' नावाचा गुण किमान १७ हवा. साधे तीन फासे एकदा टाकले, तर २१६ शक्यतांपैकी केवळ चारच तेथपर्यंत पोहोचतात. संत पौलाने हाच ग्रीक शब्द देवाच्या मोफत दानासाठी वापरला. येथे तो व्यक्तिमत्त्वाच्या प्रभावाचा आकडा झाला आणि तो आकडा जन्मतः नसेल, तर पावित्र्याचा मार्गच बंद. कॅल्व्हिनलादेखील पूर्वनियती इतकी हिशेबी वाटली नसावी.

दुसरी अट संगतीची. पॅलाडिनाने सुष्टांशीच संबंध ठेवावा. दुष्ट नसलेल्या तटस्थांबरोबर एखाद्या मोहिमेपुरते जावे, तेही सत्कार्य साधणार असेल तरच. ही अट वाचून लेवी जकातदाराच्या घरचे भोजन आठवल्यावाचून राहात नाही. त्या पंक्तीत पॅलाडिन बसला नसता. तो दाराबाहेर परूश्यांबरोबर उभा राहून 'तुमचा गुरू यांच्यासंगे का जेवतो?' असे शिष्यांना विचारीत राहिला असता.

तिसरी अट या ग्रंथाचे मर्म होय. पॅलाडिनाने जाणूनबुजून बेशिस्तीचे कृत्य केले, तर त्याने वरच्या श्रेणीच्या नियमनिष्ठ सुष्ट धर्मगुरूकडे जाऊन पाप कबूल करावे आणि तो सांगेल ते प्रायश्चित्त घ्यावे. येथवर आपण आपल्याच अंगणात आहोत. परंतु त्याने जाणूनबुजून आणि स्वेच्छेने दुष्कृत्य केले, तर त्याचे पद तत्काळ जाते आणि ते पुन्हा कधीही मिळत नाही. कबुली नाही, प्रायश्चित्त नाही, परतवाट नाही. नियमभंगाला क्षमा आहे, पापाला नाही.

सेमिनरीत चर्चचा इतिहास ज्यांनी अभ्यासला, त्यांना हा पक्ष ओळखीचा वाटेल. डेशियस सम्राटाच्या छळात, इ. स. २५०मध्ये, अनेक ख्रिस्ती जनांनी भीतीपोटी मूर्तींपुढे धूप जाळला. छळ ओसरल्यावर ती माणसे रडत परत आली. यांना घ्यावे की न घ्यावे? रोममधील नोवेशियन म्हणाला, कदापि नाही. चर्च हा शुद्धांचा मेळा आहे. पोप कर्नेलियस आणि कार्थेजचे बिशप सायप्रियन म्हणाले, दीर्घ प्रायश्चित्तानंतर घ्यावे. चर्चने कर्नेलियसचा पक्ष स्वीकारला. नोवेशियन दुष्ट नव्हता, हे येथे ध्यानात घ्यावे. तो चांगला होता आणि चांगुलपणाला जपत होता. १९७८चा पॅलाडिन हा त्याच्याच पंथाचा. गायगॅक्सच्या मनात नोवेशियन असेल, असे मी म्हणत नाही. क्षमेचा विचार न करता चांगुलपणाचे नियम लिहू लागलेला कोणीही मनुष्य शेवटी तेथेच पोहोचतो, एवढेच माझे म्हणणे आहे.

या नियमाचा परिणाम कथेवरही झाला. ज्याला एकदाही पडता येत नाही, त्याला हालताही येत नाही. तो सतत स्वतःच्या पावलांकडे पाहतो आणि स्वतःच्या पावलांकडे पाहून दमला की, इतरांच्या पावलांकडे पाहू लागतो. मुलांनी मला सांगितले की, खेळणाऱ्यांत पॅलाडिन फार बदनाम आहे. तो सोबत्यांना उपदेश करतो, चोराचे पात्र घेतलेल्या मित्राला खिसा कापू देत नाही आणि सगळ्यांच्या रात्रीचा विरस करतो. ऐकून मी हसलो खरा, पण ते हसू टिकले नाही. उधळ्या पुत्राच्या दाखल्यातील थोरला भाऊ हाच. त्याने एकही आज्ञा मोडली नव्हती आणि मेजवानी चालली असता तो अंगणात रुसून उभा होता.

चांगला माणूस रंगविणे साहित्यातही अवघडच. 'इडियट' लिहिताना, १८६८च्या प्रारंभी, दस्तयेवस्कीने आपल्या भाचीला कळविले होते की, सर्वस्वी सुंदर असा मनुष्य उभा करण्याहून कठीण काम जगात नाही. मिल्टनचा सैतान वाचकाच्या ध्यानात राहतो, त्याचे देवदूत राहात नाहीत. आपल्याकडे निळू फुले यांनी उभे केलेले बेरकी पाटील आणि सरपंच लोकांना तोंडपाठ आहेत. ते स्वतः राष्ट्र सेवा दलात घडलेले सालस कार्यकर्ते होते, हे सांगावे लागते. सिमोन वेल या फ्रेंच विचारवंत स्त्रीने याचे कारण नेमके हेरले आहे. तिच्या मते, कल्पनेतील दुष्टपणा रंगतदार आणि चांगुलपणा कंटाळवाणा असतो. प्रत्यक्षात मात्र याच्या उलट असते. हा विचार खरा मानला, तर सज्जनाचे पात्र घेऊन खेळणाऱ्या मुलापुढील काम सोपे नाही. कल्पनेच्या प्रदेशात राहून त्याला चांगुलपणाची प्रत्यक्षातली चव आणावयाची आहे. आणि ती चव, माझ्या मते, फक्त दोन ठिकाणी लागते: चांगुलपणाची किंमत मोजताना, आणि तो हातून निसटल्यावर परत येताना. जुन्या ग्रंथाने यांपैकी दुसरे ठिकाण कुलूपबंद केले होते.

पहिल्या ठिकाणाची गोष्ट अधिक गंभीर आहे. नवशिक्यांसाठी गायगॅक्सने लिहिलेली एक प्रसिद्ध मोहीम १९७९-८०च्या सुमारास बाहेर पडली. सीमेवरील एक गढी आणि जवळच्या दरीत दुष्ट टोळ्यांच्या गुहा, अशी तिची मांडणी आहे. गुहांतून कोबोल्ड नावाचे ठेंगू, खवलेदार जीव राहतात, ऑर्क राहतात. लेखकाने प्रामाणिकपणे त्यांची बिऱ्हाडेही दाखविली आहेत: इतके नर, इतक्या माद्या, इतकी पिल्ले, आणि पिल्ले हल्ला करीत नाहीत, हेही नोंदविले आहे. बस्स, पुढे मौन. नर मारले गेले. आता पॅलाडिन त्या पिल्लांपुढे तलवार घेऊन उभा आहे. तक्त्यानुसार पिल्लांचीही पाटी दुष्टच. त्याने काय करावे?

जगभरातील टेबलांवर या प्रश्नाने कित्येक रात्री खाल्ल्या आहेत. २००५ साली, उतारवयात, गायगॅक्सने खेळाडूंच्या अशा प्रश्नांना दिलेली उत्तरे नमूद आहेत. त्याने सांगितले की, शत्रूला ठार करण्यास नियमनिष्ठ सुष्टाला आडकाठी नाही. लिखांच्याच पुढे उवा होतात. तो आणखी पुढे गेला: शरण येऊन सन्मार्ग पत्करलेल्या कैद्यांनाही पॅलाडिन मारू शकतो, म्हणजे ते पुन्हा घसरण्यापूर्वीच सद्गतीला जातील.

वाचकहो, या उत्तरापाशी मी बराच काळ थांबलो. लिखांचा तो वाक्प्रचार कर्नल जॉन शिव्हिंग्टन याच्या नावाशी जोडलेला आहे. २९ नोव्हेंबर १८६४ रोजी कोलोराडोतील सँड क्रीक येथे त्याच्या सैनिकांनी शायेन व अरापाहो लोकांच्या वस्तीवर हल्ला केला. मृतांत बहुसंख्य स्त्रिया, मुले आणि वृद्ध होते. शिव्हिंग्टन हा मेथॉडिस्ट धर्मोपदेशक होता. खेळात कोणी मरत नाही, हे मला ठाऊक आहे, आणि गायगॅक्सला खुनी ठरविण्याचा माझा हेतू नाही. परंतु पाटीवरचा शब्द कृतीच्या आधी लिहिला की, तर्क कोठवर जातो, हे त्याने स्वतःच्या तोंडाने सांगितले. दुसरे उत्तर तर अधिकच विलक्षण. शेक्सपिअरचा हॅम्लेट प्रार्थनेत असलेल्या काकाला मारीत नाही. कारण आता मारले तर तो स्वर्गात जाईल आणि सूड अपुरा राहील. गायगॅक्सचा पॅलाडिन नेमके तेच कारण पुढे करून तलवार उचलतो आणि त्याला दया म्हणतो. दोघांनाही समोरच्याच्या आत्म्याचा हिशेब आपल्या हाती असल्याचा भास झाला आहे.

ऑर्क ज्यांच्या लेखणीतून खेळात आले, त्या टोल्किन यांना या अडचणीने स्वस्थता दिली नाही, हे येथे सांगितले पाहिजे. ते निष्ठावान कॅथोलिक होते. दुष्टाला जीव निर्माण करता येत नाही, बिघडविता मात्र येतो. मग जन्मतःच दुष्ट अशी जात असूच कशी शकते? १९५४ साली ऑक्सफर्डमधील एका कॅथोलिक पुस्तकविक्रेत्याला लिहिलेल्या, पण न पाठविलेल्या पत्रात ते या प्रश्नाशी झगडताना दिसतात आणि अखेरपर्यंत त्यांना समाधानकारक उत्तर सापडले नाही. खेळाने त्यांचे ऑर्क घेतले. त्यांची अस्वस्थता घेतली नाही. खेळाच्या प्रकाशकांना ती यावयास २०२० साल उजाडले. त्या वर्षी त्यांनी जाहीर केले की, ऑर्कांसारख्या जमाती यापुढे जात्याच दुष्ट म्हणून रंगविल्या जाणार नाहीत.

२००३ साली निव्वळ सज्जनांसाठी एक स्वतंत्र ग्रंथ निघाला. 'उदात्त कृत्यांचा ग्रंथ' अशा अर्थाचे त्याचे नाव आहे आणि त्यावर 'प्रौढ वाचकांसाठी' असा इशारा छापलेला आहे. चांगुलपणावर असा इशारा छापावा लागला, हा योगायोग मला मार्मिक वाटतो. ग्रंथाचा हेतू चांगला आहे. शरणागताला अभय द्यावे, छळ कधीही करू नये, दुष्टालाही सुधारण्याची संधी द्यावी, असे तो निःसंदिग्धपणे सांगतो. मात्र त्याचा पिंड व्यापाऱ्याचा आहे. त्यात ब्रह्मचर्य, आज्ञाधारकता आणि दारिद्र्य ही तिन्ही व्रते आहेत आणि प्रत्येक व्रताला लाभांश आहे. दारिद्र्यव्रत घेतलेल्या पात्राने आपला वाटा गोरगरिबांना द्यावा. मोबदल्यात त्याच्या अंगी अशी बळे येतात की, जादूच्या चिलखतांनी लगडलेल्या श्रीमंत सोबत्यापेक्षा तो फारसा कमी राहू नये. मी धर्मप्रांतीय धर्मगुरू असल्याने दारिद्र्याचे व्रत घेतलेले नाही. पण घेतलेली माणसे जवळून पाहिली आहेत आणि त्यांचे चिलखत कोणते, हे अजून मला दिसलेले नाही. पुढे, हे व्रत जाणूनबुजून मोडले, तर लाभ कायमचा गेला. पंचवीस वर्षांनी नोवेशियन पुन्हा हजर!

त्याच ग्रंथात दुष्टाला पावन करण्याचा एक मंत्र आहे. त्याचा आत्मा हिऱ्यात कोंडायचा. तेथे वर्षभर त्याने आपल्या पापांचे चिंतन करायचे. वर्ष भरले की, हिरा फोडायचा आणि तो सुष्ट होऊन बाहेर येतो. संत ऑगस्टिन शिकवितात की, देवाने आपल्याला आपल्या संमतीवाचून निर्माण केले, परंतु तो आपल्या संमतीवाचून आपले तारण करीत नाही. जे देवाने स्वतःवर बंधन म्हणून घातले, ते हिऱ्याच्या मंत्राने झुगारून दिले. हे पश्चात्तापाचे चित्र नव्हे, कैदेचे आहे.

याच्या तीन वर्षे आधीचा, २००० सालचा मूळ नियमग्रंथ मात्र मला फार मोलाचा वाटतो. तेथे पतित पॅलाडिनाला प्रथमच स्पष्ट परतवाट आहे. त्याने पश्चात्ताप करावा, धर्मगुरूने त्याच्यासाठी प्रायश्चित्ताचा विधी करावा. आणि पाप जाणूनबुजून केलेले असेल, तर त्या विधीसाठी धर्मगुरूचे पात्र स्वतःच्या अनुभवगुणांतून ५०० गुण गमावते. पाप एकाचे आणि किंमत मोजणारा दुसरा. पन्नास वर्षांच्या या ग्रंथराशीतील सर्वांत ख्रिस्ती ओळ कोणती, असे कोणी मला विचारले, तर मी या रुक्ष, हिशेबी ओळीवर बोट ठेवीन. ती लिहिणाऱ्याला बहुधा खेळाचा समतोल साधावयाचा होता. क्रूसाची सावली अशी अनवधानानेही पडते.

२०१४च्या ग्रंथात, म्हणजे वर्तमानपत्रात गुंडाळून माझ्याकडे आलेल्या त्या पुस्तकात, हे प्रकरण आणखी मऊ झाले आहे. शपथ मोडलेला पॅलाडिन रात्रभर प्रार्थनेत जागरण करतो, उपवास करतो, कबुली देतो, क्षमा मिळवितो आणि नव्याने आरंभ करतो. ज्याला पश्चात्तापच नाही, त्याचीच गत वाईट. प्रायश्चित्त संस्काराच्या धड्यात हा परिच्छेद फारसा बदल न करता वाचून दाखविता येईल. परंतु याच ग्रंथात पॅलाडिन सुष्ट असण्याची सक्ती उरलेली नाही. त्याने निवडलेल्या शपथेशी इमान राखले की पुरे, आणि त्या शपथांत एक सूडाचीही आहे. क्षमा आली, पण क्षमा कशाची करावयाची, ते पुसट झाले. जुन्या ग्रंथाला पाप दिसत होते आणि क्षमा दिसत नव्हती. नव्याचे नेमके उलटे. या दोहोंत निवड करावी लागू नये, असे मला मनापासून वाटते, कारण दोन्ही चुका मी स्वतः केलेल्या आहेत. पहिलीच सांगतो. नवा धर्मगुरू असताना एका धर्मग्रामातील गायकवृंदाच्या प्रमुखाला मी मद्यपानावरून सर्वांदेखत काढून टाकले. ते करणे भाग होते. पुढे त्याने दारू सोडली आणि वर्षभर मागच्या बाकावर येऊन बसत राहिला. मी त्याला बोलावले नाही. जागा भरलेली होती, नवा प्रमुख दुखावला असता, लोक बोलले असते. ५०० गुण माझ्या खात्यातून जाणार होते. मग त्याचे येणे थांबले.

त्या मातेच्या घरी गेल्या पावसाळ्यात मी दोन शनिवार कोपऱ्यात बसून खेळ पाहिला. मुलगा पॅलाडिन होता. सूत्रधार होती एक बारावीतील मुलगी. गुहांचीच मोहीम चालू होती. शरण आलेल्या एका कोबोल्डाला मुलाच्या पॅलाडिनाने संतापाच्या भरात मारले. त्याचा मित्र आधी जखमी झाला होता. टेबल गप्प झाले. मुलीने शांतपणे सांगितले की, तुझा हात आता कोणाला बरे करणार नाही. बराच वेळ त्याने काही म्हटले नाही. मग त्याच्या पॅलाडिनाला कबुली द्यावयाची आहे, असे तो म्हणाला आणि सगळ्यांनी माझ्याकडे पाहिले. ''फादर, तुम्हीच व्हा ना!''

मी नकार दिला. संस्काराचे सोंग मला आणता येणार नाही, असे मी सांगितले आणि ते त्यांनी मान्य केले. तो नकार योग्यच होता, असे आजही मला वाटते. तरी त्या क्षणी मी दाराबाहेर उभा होतो, हेही खरे. मग धर्मगुरूचे पात्र घेतलेला मित्र पुढे झाला. सूत्रधार मुलीने जुन्या ग्रंथातील तो ५०० गुणांचा नियम लागू केला. कित्येक महिन्यांच्या शनिवारांची त्याची ती कमाई होती. त्याने एकदा कागदाकडे पाहिले, खोडरबर घेतले आणि आकडा खोडला. प्रायश्चित्त त्याने सांगितले ते असे: मेलेल्याची पिल्ले गुहेत आहेत, त्यांना घर मिळेपर्यंत तलवार उपसायची नाही.

पुढच्या शनिवारी फासे जवळजवळ पडलेच नाहीत. पॅलाडिन पिल्लांना घेऊन गढीवर गेला. खाणावळीच्या मालकाने दार लावून घेतले. लोहार म्हणाला, ही मोठी झाली की आमच्याच पोरांवर उठतील. गढीच्या धर्मोपदेशकाने विचार करून कळवितो, असे उत्तर दिले. ते उत्तर मुलीने कोठून उचलले असावे, हे मी विचारले नाही. रात्र झाली तेव्हा ती मंडळी वेशीबाहेरच्या एका गोठ्यात होती आणि तेथेच त्या दिवसाचा खेळ थांबला. मुले कागद आवरू लागली. ज्यांनी ते पुस्तक जाळावयास आणले होते, त्या माऊली चहाचे कप उचलीत होत्या. जाता जाता त्या मुलीपाशी थांबल्या.

''काय गं, त्या पिल्लांना तिथे थंडी वाजत नसेल का?''